दाखल्यावरचे टक्के आणि बुडालेली कमाई

प्रश्न : माझे वय ३४ वर्षे असून शिरोली एमआयडीसीतील एका फौंड्रीत मी कंत्राटी मोल्डर होतो, पगार दरमहा १८,००० रुपये होता. साताऱ्याजवळ ट्रकच्या धडकेत माझा पाय कायमचा अधू झाला. अपंगत्वाचा दाखला ४० टक्क्यांचा आहे. भरपाईही तेवढ्याच प्रमाणात मिळेल का? – एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : तसे बंधन नाही. राजकुमार विरुद्ध अजय कुमार (२०११) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की दाखल्यावरील शारीरिक अपंगत्व वेगळे आणि त्यामुळे घटलेली कमावण्याची क्षमता वेगळी. वितळलेल्या लोखंडाचे लाडल धरून तासन्‌तास उभे राहणाऱ्या मोल्डरचा पाय गेला, तर बैठे काम करणाऱ्यापेक्षा त्याचे नुकसान उघडच मोठे असते. तुमच्या पगारात भविष्यातील वाढीचे ४० टक्के धरून वार्षिक उत्पन्न ३,०२,४०० रुपये होते. ३४ व्या वर्षासाठी गुणक, म्हणजे वार्षिक उत्पन्नाला ज्याने गुणायचे तो वयानुसार ठरलेला आकडा, १६. कमाईतील घट ४० टक्के मानली तर १९,३५,३६० रुपये, ८० टक्के मानली तर दुप्पट. उपचाराचा खर्च आणि वेदनांची भरपाई याखेरीज.

म्हणून डॉक्टरांची साक्ष नोंदवाच. नुसता दाखला जोडून भागत नाही, आणि दावे बहुधा इथेच लंगडे पडतात. कामाचे स्वरूप सांगणारा सुपरवायझरही साक्षीदार म्हणून उपयोगी पडेल.

अपघात साताऱ्याकडचा असला तरी तुम्ही राहता त्या कोल्हापुरातील मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली अर्ज करता येतो. कायद्यातील मुदत अपघातापासून सहा महिन्यांची आहे, तेव्हा विमा कंपनीच्या तडजोडीची वाट पाहत बसू नका.