पत्राच्या तळाशी 'प्रत' कोणाला होती?

गृहनिर्माण संस्थेचे एक माजी खजिनदार विचारतात : नव्या सचिवांनी रजिस्टर पोस्टाने पत्र पाठवून माझ्यावर दुरुस्ती निधीत अफरातफर केल्याचा आरोप केला, त्यांच्यावर बदनामीचा फौजदारी खटला भरता येईल का? असंच एखादं पत्र नाहीतर मेमो घेऊन दर महिन्याला कोणीतरी येतंच.

आरोप खोटा आहे आणि मनस्ताप झाला, हे तुम्ही दोन पानं भरून लिहिलंत. तिसऱ्या पानावर जाता जाता एक वाक्य आहे : 'मी लगेच पत्राचा फोटो सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकून जाब विचारला.' अहो, हे पहिल्या ओळीत लिहायचं!

बदनामीला तिसरा माणूस लागतो. बंद पाकिटातला मजकूर तुम्ही एकट्यानेच वाचला, तर लोकांच्या नजरेतून तुम्ही उतरणार कसे? मजकूर तिसऱ्यापर्यंत पोचणं म्हणजे प्रकाशन, आणि ते आरोपीकडून झालं हे फिर्यादीने सिद्ध करायचं असतं. ग्रुपवर सभासदांनी पत्र वाचलं, पण ते तुम्ही टाकलं म्हणून. उलटतपासणीत सचिवांचे वकील तुमच्या साक्षीदाराला एवढंच विचारतील : 'हे पत्र तुम्हाला कोणी दाखवलं?' तो प्रामाणिकपणे सांगेल, 'फिर्यादींनीच.' मग बाकीची साक्ष कितीही चांगली असो.

म्हणून आता पत्राचा तळ बघा. तुम्ही पाठवलेल्या झेरॉक्समध्ये शेवटची ओळ कापली गेली आहे. सहीखाली 'प्रत : १) मा. उपनि' एवढंच दिसतं. तुमचं सगळं प्रकरण त्या कापलेल्या ओळीत आहे.

प्रत फक्त उपनिबंधकांना, म्हणजे सोसायट्यांवर देखरेख करणाऱ्या सहकार खात्याच्या अधिकाऱ्यांना असेल, तर प्रकाशन झालं. पण अधिकार असलेल्या व्यक्तीकडे सद्भावनेने केलेली तक्रार बदनामीच्या कलमातल्या आठव्या अपवादात बसते, म्हणजे ती बदनामी ठरत नाही. सद्भावना होती हे सचिवांना दाखवावं लागेल. दाखवता येईल की नाही, ते हिशेब पाहिल्याशिवाय मी सांगणार नाही. दुसरी प्रत 'सूचना फलक' अशी असेल, तर मात्र फिर्यादीत जीव आहे. मग मला असा सभासद हवा, ज्याने पत्र फलकावर स्वतः वाचलं आणि तेही तुमच्या ग्रुपवरच्या पोस्टच्या आधी. ते कोणी लावलं हे सांगणारा रखवालदार मिळाला तर उत्तमच. फलकाचा फोटो असेल तर मूळ फोन जपून ठेवा. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागेल, नुसती प्रिंट चालणार नाही. समितीच्या सभेत पत्र वाचलं गेलं का, तेही पाहा. इतिवृत्ताची प्रत मागण्याचा सभासदाला हक्क आहे. अर्ज करा आणि पोच घ्या.

पोलीस अटक करतील ही आशा सोडा. गुन्हा अदखलपात्र आहे, न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे खासगी फिर्यादच करावी लागते. नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या) कलम २२३ प्रमाणे दखल घेण्याआधी आरोपीलाही बाजू मांडायची संधी द्यावी लागते, म्हणजे सुरुवातीलाच आणखी काही तारखा. आमच्या कोर्टात या 'काही'चा अर्थ काय होतो, ते लिहीत बसत नाही.

पत्राची तारीख तुम्ही कळवलीच नाहीत. १ जुलै २०२४ पूर्वीचं असेल तर भारतीय दंड संहितेचं कलम ५००, नंतरचं असेल तर न्याय संहितेचं ३५६. शिक्षा दोन वर्षांपर्यंत असल्याने फिर्यादीची मुदत तीन वर्षं. नुकसानभरपाईच्या दिवाणी दाव्याला एकच वर्ष मिळतं. पत्र त्याहून जुनं असेल, तर ते तुम्ही घालवलंत.

ग्रुपवरची पोस्ट आता पुसू नका. पुसलीत तर तुम्हीच काहीतरी लपवलंत असं दिसेल. पत्र तळासकट पुन्हा स्कॅन करून पाठवा आणि पोस्टाचा शिक्का असलेलं पाकीटही. ते रद्दीत गेलं नसेल, तर.