पडद्यामागून : व्हिएन्नाच्या ऑपेरा हाऊसची टूर घ्यावी का?

प्रश्न : मी निवृत्त शिक्षिका, नाशिकला इंदिरानगरात राहते. मुलगी नोकरीनिमित्त व्हिएन्नात आहे. मे महिन्यात आम्ही दोघं तीन आठवडे तिच्याकडे जाणार आहोत. तिथल्या स्टेट ऑपेराची चाळीसेक मिनिटांची टूर असते, ती घेऊच असा तिचा आग्रह आहे. तिघांचे चारेक हजार रुपये जातील. आम्हाला ऑपेरातलं काही कळत नाही. यजमान म्हणतात, बाहेरून फोटो काढू आणि पुढे जाऊ. त्यांचे गुडघेही दुखतात. तुमचं आयुष्य नाट्यगृहात गेलं म्हणून तुम्हाला विचारते, रिकामं थिएटर बघण्यात एवढं काय आहे?

उत्तर : ताई, टूर नक्की घ्या. २०१९ च्या मे महिन्यात मी आणि सौ. तिथे गेलो होतो. सकाळी अकराची वेळ. त्या रिकाम्या थिएटरात आमच्या घोळक्यापेक्षा जास्त माणसं कामाला लागलेली होती.

मी नाशकात ३२ वर्षं नेपथ्य लावलं. राज्य नाट्य स्पर्धेची नाटकं साईखेडकर नाट्यगृहात, आणि मुंबई-पुण्याच्या दौऱ्याची गाडी आली की कालिदास कलामंदिरात मदतीला. दुपारी गाडी मागच्या दाराला लागते, फ्लॅट म्हणजे सेटच्या रंगवलेल्या भिंती उतरतात, दोन तासांत दिवाणखाना उभा राहतो, लाइट लागतात, तिसरी घंटा होते. रात्री प्रयोग संपला की सगळं खाली, आणि गाडी पुढच्या गावाला. मला कायम वाटायचं, ही धावपळ आपल्याच नशिबी. तिकडे श्रीमंत देशांत एकदा लावलेला सेट महिनोन्महिने जागचा हलत नसेल. व्हिएन्नात पाहिलं तर तिथे जवळजवळ रोज संध्याकाळी वेगळा ऑपेरा. काल रात्रीचा राजवाडा उतरवायचा, सकाळी तालमीसाठी दुसरंच काही उभं करायचं, दुपारी तेही काढून संध्याकाळचा सेट लावायचा. सप्टेंबरपासून जूनअखेरपर्यंत हे असंच.

गाइड मुलगी छताबद्दल सांगत होती. माझं लक्ष खाली रंगमंचावर. काळ्या कपड्यांतली सहा-सात माणसं एक मोठा जिना ढकलत आणत होती. त्यांतल्या एकाने वाकून जमिनीवरची पांढरी चिकटपट्टी पाहिली, बुटाच्या टोकाने जिन्याचा कोपरा दोन बोटं पुढे सारला, चार पावलं मागे जाऊन पाहिलं, आणि येऊन एक बोट परत मागे घेतला. मला गलबलून आलं. हे मी हजार वेळा केलंय. ती खूण एवढीशी चुकली तरी संध्याकाळी स्पॉट नटाच्या तोंडावर न पडता खांद्यावर पडतो. तुम्ही गेलात की आधी रंगमंचावर कोण काय करतंय ते बघा. छत कुठे जात नाही.

आता वास्तूबद्दल. ही इमारत १८६९ ची. २५ मे रोजी मोझार्टच्या ‘डॉन जोव्हानी’ने ती उघडली. आराखडा दोघांचा : एदुआर्द फान डेर न्युल आणि आउगुस्ट झिकार्ड फॉन झिकार्ड्सबुर्ग. बांधकाम चालू असतानाच समोरचा रस्ता सुमारे एक मीटर उंच केला गेला, त्यामुळे इमारत खचल्यासारखी दिसायला लागली, आणि गावाने तिला ‘बुडालेली पेटी’ म्हणून हिणवलं. फान डेर न्युलने १८६८ च्या एप्रिलमध्ये गळफास घेतला. त्याचा जोडीदार पुढच्या दोन-अडीच महिन्यांतच आजाराने गेला. उद्घाटन दोघांपैकी कोणीच पाहिलं नाही. असं सांगतात की ऑस्ट्रियाचे बादशहा फ्रान्झ योझेफ यांनीही नावं ठेवली होती, आणि या मृत्यूंनंतर कोणतीही नवी वास्तू दाखवली की ते एकच ठरावीक वाक्य बोलत : फार सुंदर, मला फार आनंद झाला. जिन्यावर उभं राहून हे ऐकताना माझ्या डोळ्यांपुढे आपल्याकडचे कितीतरी नेपथ्यकार आले. पहिल्या प्रयोगाच्या दिवशी पडदा उघडताना विंगेत उभे राहून ते प्रेक्षकांतला पहिला आवाज कसा कानांत प्राण आणून ऐकतात, ते मी जवळून पाहिलंय.

मुख्य जिना चढताना कठड्यावर हात ठेवा. तो जिना, दर्शनी भाग, वरचं चित्रांनी भरलेलं दालन, हे सगळं मूळचं १८६९ चं. तिथून एक दार ओलांडून प्रेक्षागृहात पाऊल टाकलं की तुम्ही १९५५ सालात येता. १२ मार्च १९४५ रोजी अमेरिकन विमानांच्या बॉम्बफेकीत प्रेक्षागृह आणि रंगमंच जळून गेले. १२० हून अधिक ऑपेरांचं नेपथ्य आणि जवळपास दीड लाख पोशाख त्यात गेले. दीड लाख! आमच्या संस्थेचे दोन ट्रंका पोशाख एका पावसाळ्यात भिजले तर बायका आठवडाभर गच्चीवर वाळत घालत होत्या आणि रडत होत्या. पुन्हा बांधताना जुन्याची नक्कल केली नाही. पांढरा, लाल, थोडा सोनेरी, एवढंच. लोंबतं झुंबर टाळून छतातच काचेचं भलंमोठं कडं बसवलं, सुरक्षेसाठी. ५ नोव्हेंबर १९५५ ला बेथोव्हेनच्या ‘फिदेलिओ’ने ते उघडलं. महायुद्ध संपल्यावर दहा वर्षं चार परकी सैन्यं ऑस्ट्रियात होती, त्यांना जाऊन काही दिवसच झाले होते. त्या ऑपेरात एका प्रसंगी कैदी कोठडीतून बाहेर उजेडात येतात आणि आधी दबक्या आवाजात गातात. बाहेर रस्त्यावर लाउडस्पीकर लावले होते, तिथेही लोक उभे राहून ऐकत होते. ऑपेरा कळत नाही म्हणता ना? एवढी गोष्ट मनात ठेवून त्या प्रेक्षागृहात दोन मिनिटं बसा.

आणि आता जे मी कोणालाही न विचारता सांगतो ते. तिथे लोखंडी पडदा बघायला विसरू नका. प्रयोगाचा मखमली पडदा वेगळा, हा आगीचा. रंगमंचावर पेट घेतला तर प्रेक्षागृह रंगमंचापासून वेगळं करण्यासाठी तो वरून खाली येतो. त्याचं क्षेत्रफळ १७६ चौरस मीटर आहे, आणि १९९८ पासून दर हंगामात एका चित्रकाराचं चित्र त्यावर लोहचुंबकांनी लावतात. लोक चित्राचा फोटो काढतात. मी मात्र व्हिएन्नातल्याच रिंग थिएटरची आठवण काढत उभा होतो. ८ डिसेंबर १८८१ ची रात्र, प्रयोग सुरू व्हायचा होता, रंगमंचावर गॅसचे दिवे पेटवताना आग लागली. दारं आतल्या बाजूला उघडणारी. मागून गर्दी रेटत आली आणि दारं उघडताच येईनात. आत काळोख. सरकारी आकडा ३८४ मृतांचा. बाहेर पोलीस सांगत होते, सगळे वाचले. त्यानंतर तिथे कायदाच झाला : लोखंडी पडदा हवा, दारं बाहेरच्या बाजूला उघडणारी हवीत, नेपथ्य आग न धरणारं हवं.

हे मी एवढं मनाला लावून का घेतो, ते सांगतो. उमेदीच्या काळात जिल्ह्यातल्या एका सभागृहात आमचा प्रयोग होता. मध्यंतरानंतर डिमरमधून, म्हणजे दिव्यांचा उजेड कमी-जास्त करणाऱ्या यंत्रातून, धूर आला. मी धावत जाऊन मेन स्विच खाली ओढला. प्रेक्षागृहात मिट्ट काळोख, चारशे माणसं. डावीकडच्या दाराला बाहेरून कुलूप, आणि चावीवाला जेवायला गेलेला. त्या दारावर तळहात आपटल्याचा आवाज, बायकांचे, पोरांचे, मला आजही झोपेत ऐकू येतो. सुदैवाने धूर वायरिंगपुरताच राहिला, कोणाला इजा झाली नाही. पण त्या दिवसापासून कुठल्याही थिएटरात सेट लावण्याआधी मी फेरी मारून प्रत्येक दार स्वतःच्या हाताने ढकलून बघत आलो. व्हिएन्नात सगळे छतातल्या काचेच्या कड्याकडे बघत असताना मी हळूच दाराचे बिजागर कुठल्या बाजूला आहेत ते पाहून घेतलं. सौ. म्हणाली, इथेही का? इथेच तर, म्हटलं.

थोडं कामाचं. टूरच्या वेळा तालमींप्रमाणे बदलतात, म्हणून मुलीला त्या आठवड्याचं वेळापत्रक आधी बघायला सांगा. इंग्रजीतली टूर घ्या. रंगमंचावर काम चालू असेल तर लांबूनच दाखवतात, हिरमुसू नका. काम चालू असलेलं बघायला मिळणं जास्त चांगलं. यजमानांना जिने जड जातील, म्हणून सुरुवातीलाच लिफ्टचं विचारून ठेवा. आणि जमलं तर एका संध्याकाळी प्रयोगालाही जा. उभ्याने बघायची तिकिटं फार स्वस्त असतात. आम्ही गेलो तेव्हा जागा धरायला लोक कठड्याला रुमाल किंवा स्कार्फ बांधून जात आणि त्या रुमालाचा मान सगळे राखत. पण त्या गुडघ्यांना उभं राहण्याची शिक्षा देऊ नका, मुलीला उभ्याचं आणि तुम्हा दोघांना बसायचं तिकीट काढा. प्रत्येक जागेसमोर छोटा पडदा असतो, त्यावर शब्द इंग्रजीत येतात. वेळेआधी पोचा. संगीतकार गुस्ताव्ह माहलर १८९७ ते १९०७ तिथे संचालक होते, उशिरा येणाऱ्यांना मध्येच आत सोडायचं नाही अशी शिस्त त्यांनी लावली. त्यांच्याबद्दल माझ्या मनात फार आदर आहे. नाटक सुरू झाल्यावर मोबाइलच्या उजेडात खुर्चीचा नंबर शोधणारी माणसं बघितली की तो आणखी वाढतो.

प्रश्न : मी पंचवटीत राहतो, कॉलेजात एकांकिका करतो. ऑपेरा म्हणजे आपलं संगीत नाटकच ना?

उत्तर : नाही रे बाळा, पण नातं आहे. बहुतेक ऑपेरांत सुरुवातीपासून शेवटपर्यंत गाणंच. पत्र वाचणं, भांडणं, मरणं, सगळं सुरात, आणि खाली खड्ड्यात बसलेला साठ-सत्तर वादकांचा ताफा. गायकाने तालावर थांबून विस्तार करायचा नाही, एकेक सूर आधी लिहिलेला. आपल्याकडे अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘संगीत शाकुंतल’ ३१ ऑक्टोबर १८८० ला पुण्यात आलं, त्यात गद्य आहे, पदं आहेत, पदात आलाप-तानांना जागा आहे, आणि लोकांनी वन्समोर दिला की पद पुन्हा. मात्र काही जर्मन ऑपेरांत मध्ये मध्ये बोलणं असतं. मोझार्टचं ‘जादूची बासरी’ तसंच, १७९१ साली व्हिएन्नातच आलेलं. ऐकायला सुरुवात करायची तर तिथून कर.

लांब जायला नको असेल तर गिरगावातलं रॉयल ऑपेरा हाऊस बघून ये. १९११ साली पंचम जॉर्जच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं. बालगंधर्व तिथे उभे राहिले आहेत. १९९३ ला ते बंद पडलं आणि डागडुजी होऊन २०१६ ला पुन्हा उघडलं. वर सर्वांत मागच्या रांगेत जाऊन बस आणि मित्राला रंगमंचावरून साध्या आवाजात एक वाक्य बोलायला सांग.

कारण खरं साम्य तिथे आहे. ऑपेराचा गायक माइक वापरत नाही, आणि आपले जुने नटही वापरत नसत. २१ डिसेंबर १९०९ ला आपल्या नाशकातल्या विजयानंद थिएटरात अनंत कान्हेऱ्यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या, तेव्हा तिथे ‘संगीत शारदा’चा प्रयोग होता. ते थिएटर भरलेलं असायचं आणि शेवटच्या रांगेतल्या माणसालाही पदाचा शब्द न् शब्द कळायचा, तो निव्वळ गळ्यावर. तुझ्या पुढच्या एकांकिकेची एक तालीम तू माइक बंद ठेवून घे, आणि काय झालं ते मला कळव.