आधी रांग बघ

प्रिय,
अनेक आशीर्वाद.

फिल्म सोसायटीच्या ग्रीक लघुपटांच्या खेळासाठी तू लिहिलेलं टिपण वाचलं. पहिले दोन परिच्छेद कर्ज, युरो, काटकसर यांतच संपलेत. चित्रपट तिसऱ्यात येतात, तेही 'संकटाचं प्रतिबिंब' म्हणून. हे उलटं कर.

योर्गोस झोइसचा 'कासुस बेल्ली' घे. २०१०चा, जेमतेम ११ मिनिटांचा. त्यात सात रांगा आहेत. एका रांगेत सगळ्यांत पुढे उभा असलेला माणूस पुढच्या रांगेत शेवटचा असतो, म्हणजे सातही रांगांची मिळून एकच लांबलचक साखळी. मग पुढून धक्का येतो आणि माणसं एकमेकांवर कोसळत जातात. घोषणा नाही, भाषण नाही, खलनायकही नाही. प्रेक्षकाला एवढंच विचार: धक्का कुठून सुरू झाला आणि कोणाकोणापर्यंत पोचला? त्याच वर्षी मे महिन्यात कर्जात बुडालेल्या ग्रीसने युरोपीय देश आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधीशी पहिला कर्जकरार केला, हे त्यानंतर सांग. एका ओळीत पुरे.

झोइसच्याच २०१२च्या लघुपटात जाहिराती उतरवलेले मोठमोठे रिकामे फलक दिसतात. तो दाखवायचा असेल तर त्यावर काहीच लिहू नकोस.

'वीअर्ड वेव्ह' (विचित्र लाट) हे २००९ नंतरच्या ग्रीक चित्रपटांना लावलेलं लेबल मात्र काढून टाक. समीक्षकांची सोय, दुसरं काय! शिवाय त्यामुळे ग्रीक लघुपटाला समाज २००९ नंतरच दिसू लागला असं वाटतं. लाम्ब्रोस लिआरोपुलोसचा 'शार्लरुआहून पत्र' १९६५चा आहे. शार्लरुआ हे बेल्जियममधलं शहर; तिथल्या कोळसा खाणींत गेलेल्या ग्रीक कामगारांवरचा. ते तिथे का गेले, याला मात्र तुझ्या टिपणात जागा दे. १९५६ साली शार्लरुआजवळच्या मार्सिनेल खाणीत आग लागून २६२ माणसं मेली. त्यांतले १३६ इटालियन होते. इटलीने माणसं पाठवणं थांबवलं आणि पुढच्याच वर्षी बेल्जियमने ग्रीसशी मजुरांचा करार केला. मेलेल्यांच्या जागी कोण उतरलं, हे ठाऊक असलं की साध्या पत्राचा आवाजही वेगळा ऐकू येतो. १९६७ साली ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता घेतली, त्याच्या दोनच वर्षं आधीचा हा चित्रपट.

द्रामा या ग्रीसच्या उत्तरेकडच्या गावात १९७८पासून लघुपटांचा महोत्सव भरतो. तिथल्या जुन्या कार्यक्रमपत्रिका मिळाल्या तर जरूर चाळ.

खेळात शार्लरुआ आधी लाव, रांगा नंतर, आणि मध्ये दिवे लावू देऊ नकोस. टिपण एका पानात बसव. गुरुवारपर्यंत आलं तर छपाईला देता येईल.

सस्नेह