कुशादासीला जहाज सात तास थांबणार आहे. इफेससची अर्ध्या दिवसाची टूर जहाजाकडून घ्यावी की बाहेरून?

प्रश्नातली माहिती अशी: सोलापूरची दोन जोडपी, चौघंही साठीच्या पुढची, त्यातल्या एका काकूंचा गुडघा दुखतो. दिवाळी उरकून नोव्हेंबरात अथेन्सच्या पिरेयस बंदरातून क्रूझ. मधला एक थांबा तुर्कस्तानातलं कुशादासी, सकाळी ७ ते दुपारी २. तिथून इफेसस या प्राचीन ग्रीक-रोमन शहराचे अवशेष बघायचेत. जहाजवाले मोठ्या बसमधून नेतात, बाहेरचे गाइडही मिळतात.

चौघं आहात, म्हणून बाहेरची घ्या. परवाना असलेला गाइड आणि स्वतंत्र व्हॅन. दोघंच असता तर जहाजाचीच घ्या म्हटलं असतं, कारण व्हॅनचा आणि गाइडचा खर्च माणशी नसतो, गाडीमागे असतो. चौघांत वाटला की तो जहाजाच्या तिकिटाच्या आसपास येतो, दोघांत वाटला की अंगावर येतो. शिवाय चाळीस जणांच्या घोळक्याची चाल दुखऱ्या गुडघ्याला झेपत नाही. गाइड नंबरची पाटी उंच धरून पुढं निघतो, कानातल्या यंत्रातून त्याचा आवाज येत राहतो, मग खरखर सुरू होते, आणि मान वर करून बघावं तर पाटी वळणाआड गेलेली असते.

मात्र जहाजाच्या टूरमध्ये एक गोष्ट पैसे मोजून घेतलेली असते: त्यांच्या बसला उशीर झाला तर जहाज थांबतं. तुमच्या व्हॅनसाठी थांबत नाही. पुढचं बंदर स्वखर्चानं गाठायचं. त्यामुळं बाहेरची टूर कुठं परवडते हे अंतरावर ठरतं. कुशादासी ते इफेसस २० किलोमीटरच्या आत, अर्ध्या तासाचा रस्ता. आपल्या सोलापूर–अक्कलकोटच्या निम्मं. वाटेत टायर बसला तरी टॅक्सी बोलावून परत येता येतं. पण काही जहाजं 'इफेसस' नावाखाली इझमीरला लागतात. तिथून अंतर ८० किलोमीटरच्या घरात, म्हणजे पंढरपूरच्याही पुढं. तुमच्या कागदावर बंदराचं नाव कुशादासीच आहे ना, ते आधी बघा. इझमीर असेल तर वरचं उत्तर रद्द, मुकाट्यानं जहाजाची बस धरा.

आता घड्याळ. नोव्हेंबरात जाताय, त्यामुळं हे नीट समजून घ्या. तुर्कस्ताननं २०१६ पासून घड्याळं मागं-पुढं करणं बंद केलंय. ग्रीस मात्र ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी एक तास मागं जातो. म्हणजे उन्हाळ्यात दोन्ही देशांची वेळ एकच, आणि नोव्हेंबरात तुर्कस्तान एक तास पुढं. जहाज ग्रीसहून आलेलं असतं, ते कधी ग्रीसचीच वेळ चालू ठेवतं, कधी आदल्या रात्री बदलतं. यातून दोन घोटाळे होतात. जहाज ग्रीसच्या वेळेवर असेल आणि तुम्ही गाइडला नुसतं 'आठ वाजता' कळवलं, तर तो त्याच्या आठला, म्हणजे जहाजाच्या सातला गेटवर येतो. तेव्हा जहाजाची शिडीसुद्धा लागलेली नसते. त्यानं फार तर वेळ जातो. दुसरा घोटाळा महागाचा: जहाजानं वेळ तुर्कस्तानची केली, पण तुमच्या मोबाइलनं जवळच्या सामोस या ग्रीक बेटाचा टॉवर पकडला. आता मोबाइल एक तास मागं. तुमच्या मोबाइलमध्ये एक वाजलेला असतो तेव्हा जहाजाचे दोन वाजलेले असतात.

उपाय साधा आहे. मनगटी घड्याळ घालून जा आणि ते जहाजाच्या वेळेला लावा. केबिनमध्ये रोज रात्री दुसऱ्या दिवसाचा छापील कागद येतो, किंवा जहाजाच्या अ‍ॅपवर असतो, त्यात ही वेळ दिलेली असते. मोबाइलची आपोआप वेळ बदलणारी सोय त्या दिवशी बंद ठेवा. गाइडशी प्रत्येक वेळ 'जहाजाची' की 'गावची' हे लिहूनच बोला.

पुढचा हिशेब शेवटाकडून मांडायचा. सगळं जहाजाच्या वेळेत. २ ला जहाज सुटणार, म्हणजे सगळे आत असण्याची वेळ बहुधा १:३०. काही कंपन्या तासभर आधी बोलावतात, कागदावर बघा. बंदराच्या गेटवर पिशव्यांची तपासणी, रांग, मग लांबलचक धक्का चालायचा. म्हणून १२:४५ ला बंदरावर पोचायचं. म्हणजे अवशेषांतून १२ च्या ठोक्याला व्हॅन हलली पाहिजे. सकाळी जहाज ७ ला लागलं तरी सरकारी परवानगी मिळून माणसं उतरायला अर्धा तास जातो. ८:१५ ला तुम्ही अवशेषांच्या दारात. हाती पावणेचार तास. मोठे गट तिथं दोन तासांत उरकतात. तुम्ही बसत-उठत तीन तास घ्या. पाऊण तास शिल्लक राहतो, तो कशाला वापरायचा ते खाली येतं.

इफेससला दोन दारं आहेत आणि हाच कळीचा मुद्दा. वरचं दार डोंगराच्या अंगाला, खालचं दार मोठ्या थिएटरच्या बाजूला. वरून शिरायचं, उतरत यायचं, खालून बाहेर पडायचं. साधारण दीड-दोन किलोमीटर. टॅक्सीनं जाणारे फसतात ते इथं: ड्रायव्हर खालच्या दारात सोडून 'इथंच थांबतो' म्हणतो, माणसं उन्हापावसात चढ चढतात आणि त्याच वाटेनं परत येतात. व्हॅन ठरवतानाच 'वर सोडणार, खाली घेणार' असं लेखी घ्या. स्वच्छतागृहं दारांपाशीच आहेत, मध्ये सोय नाही. तेव्हा शिरण्याआधी उरकून घ्या.

उतार म्हटलं की गुडघेवाल्यांना बरं वाटतं, पण दुखरा गुडघा चढण्यापेक्षा उतरताना जास्त बोलतो. त्यातून अवशेषांतला मुख्य उतरता रस्ता, क्युरेट्स रस्ता, हा संगमरवरी फरशांचा, दोन हजार वर्षांच्या पायांनी गुळगुळीत झालेला. आपण सोलापूरची माणसं उन्हाच्या तयारीनं निघतो, टोपी, गॉगल, ओआरएसची पाकिटं. नोव्हेंबरात तिथं ऊन ही अडचण नसते, पाऊस असतो. भूमध्य समुद्राकडचा पाऊस हिवाळ्यात पडतो. ओल्या संगमरवरावर कोल्हापुरी तर सोडाच, झिजलेल्या तळाचे स्पोर्ट्‌स शूजही घसरतात. रबरी, खाचांचा तळ असलेले, घरी महिनाभर वापरलेले बूट हवेत. छत्रीऐवजी रेनकोट, म्हणजे दोन्ही हात मोकळे राहतात. काकूंसाठी उघडून बसता येते अशी काठी-खुर्ची बॅगेत टाका. व्हीलचेअर मात्र त्या फरशांवर आणि पायऱ्यांवर चालत नाही, कुणी 'होईल की' म्हणालं तरी विश्वास ठेवू नका.

वाटेत वरचा चौक, दीड हजार माणसांचं ओडिऑन म्हणजे छोटं नाट्यगृह, हर्क्युलिसचं दार, रोमन सम्राट हाड्रियनचं मंदिर हे ओळीनं येतं. सार्वजनिक शौचालय बघाच: भिंतीलगत संगमरवरी बाक, त्यात एकेक हातावर भोकं, आडोसा काही नाही, खालून वाहत्या पाण्याचा पाट. सगळ्यांचं लक्ष असतं ते सेल्ससच्या ग्रंथालयावर. रोमन प्रांताधिकारी सेल्सस याच्यासाठी त्याच्या मुलानं ते उभारलं, इ.स. १२० च्या सुमारास पूर्ण झालं, आणि सेल्ससची शवपेटी त्याच इमारतीखाली आहे. आज दिसतो तो दर्शनी भाग १९७० च्या दशकात ऑस्ट्रियाच्या पुरातत्त्वज्ञांनी पडलेले तुकडे जुळवून पुन्हा उभा केला. कोनाड्यांतल्या चार स्त्रीमूर्ती नकला आहेत, मूळ व्हिएन्नाला आहेत. समोर उभं राहून मधले खांब आणि कडेचे खांब ताडून बघा. कडेचे थोडे लहान घडवलेत, त्यामुळं इमारत आहे त्याहून रुंद वाटते. तिचं तोंड पूर्वेला आहे, फोटोसाठी सकाळचाच उजेड चांगला. तुमच्या वेळापत्रकात तो आपोआप मिळतो.

ग्रंथालयाआधी डाव्या हाताला टेरेस हाउसेस लागतात, श्रीमंतांची घरं, भिंतींवरची चित्रं आणि जमिनीवरचे मोझेक जागच्या जागी. मोठ्या छपराखाली आहेत, त्यामुळं पाऊस आला तर तिथं शिरणं हाच उत्तम बेत. तिकीट वेगळं असतं, आणि बऱ्याच टूरच्या किमतीत ते धरलेलं नसतं, आधी विचारा. आत जिने बरेच आहेत. काकूंनी आणि सोबत एकानं ग्रंथालयासमोरच्या पायरीवर बसावं, बाकी दोघांनी चाळीस मिनिटांत बघून यावं. मांजरांची सोबत फुकट मिळते, तिथं ती ढिगानं आहेत.

खाली मोठं थिएटर, सुमारे २५ हजार माणसांचं. देवी आर्टेमिसच्या चांदीच्या प्रतिकृती विकणाऱ्या सोनारांनी धंदा बुडतो म्हणून ख्रिस्ती धर्माचा प्रचार करणाऱ्या संत पॉलविरुद्ध गर्दी जमवली ती इथंच, बायबलात ती हकीगत आहे. थिएटरपासून सरळ रुंद रस्ता जातो तो बंदराकडं. पण समोर पाणी दिसत नाही, झुडपंच दिसतात. नदीनं गाळ आणून बंदर बुजवलं आणि समुद्र पाच-सहा किलोमीटर मागं गेला. शहर ओस पडण्यामागं हे मोठं कारण. उजनी धरणातल्या गाळाच्या बातम्या वाचणाऱ्याला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

आता तो पाऊण तास. जाहिरातीत 'इफेसस, मेरीचं घर, आर्टेमिस मंदिर' असं तिन्ही असतं. मेरीचं, म्हणजे येशूच्या आईचं मानलं जाणारं घर बुलबुल डोंगरावर, सात-एक किलोमीटर वळणाचा चढ, वेगळं तिकीट आणि रांग. श्रद्धा असेल तर जरूर जा, पण मग अवशेषांतला तास कापला जातो. आर्टेमिसचं मंदिर जगातल्या सात आश्चर्यांपैकी एक होतं. आज दलदलीत तुकडे रचून उभा केलेला एक खांब आहे, दहा मिनिटं पुरतात. माझ्या मते शेजारच्या सेल्चुक गावातलं संग्रहालय घ्या. जवळच आहे, सपाट आहे, आणि आर्टेमिसच्या मूर्ती तिथंच आहेत.

सगळ्यात जास्त वेळ खाणारी जागा म्हणजे गालिच्याचं दुकान. जहाजाच्या टूरमध्येही ते असतं, 'हस्तकला प्रात्यक्षिक' या नावानं. आधी गरम पाण्यातले कोश आणि त्यातून निघणारा रेशीमधागा दाखवतात, मग मागावर बसलेली बाई ताण्याच्या दोन धाग्यांभोवती एक गाठ मारून सुरीनं धागा तोडते, मग चहा येतो आणि तुमच्या पायापाशी एकामागून एक गालिचे उलगडतात. पाऊण तास गेला. चादरीच्या गावातल्या माणसाला त्यातली पहिली दहा मिनिटं खरोखर आवडतील, आमच्या जकार्ड मागावरच्या विणकरांना तर गाठी मोजायचा मोह होईल. पण दुकानाचं कमिशन गाइडच्या टूरच्या किमतीत धरलेलं असतं, म्हणून फार स्वस्त टूर दिसली की हा थांबा आहे असं समजा.

कागदपत्रांत एकच मोठी चूक होते. तुर्कस्तान शेंगेनमध्ये, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांच्या गटात, नाही; ग्रीस आहे. पिरेयसहून निघून कुशादासीला उतरलात की तुम्ही शेंगेनच्या बाहेर पडलात, आणि पुढच्या ग्रीक बंदरावर पुन्हा आत येता. सिंगल एंट्री व्हिसा तिथं संपतो. पुण्या-मुंबईला व्हिसाचा अर्ज भरताना मल्टिपल एंट्री मागा आणि सोबत क्रूझचा मार्ग जोडा. भारतीयांना वैध शेंगेन व्हिसावर तुर्कस्तानचा ई-व्हिसा मिळू शकतो. दिवसभराच्या थांब्याला तो तुमच्या जहाजाला लागतो का, हे क्रूझ कंपनीकडून ईमेलवर घ्या, एजंटच्या तोंडी शब्दावर नको. 'युरोप' म्हणून विकलेलं सिमकार्ड बऱ्याचदा तुर्कस्तानात चालत नाही, तेही विचारून घ्या, नाहीतर व्हॅनवाला शोधताना पंचाईत.

पैसे भरण्याआधी गाइडला हे एवढं लिहून पाठवा, आणि उत्तर लेखी मागा: "आम्ही चौघं, एकाला गुडघ्याचा त्रास. जहाजाचं नाव अमुक, तारीख अमुक. जहाजाच्या वेळेनुसार ७:४५ ला बंदराच्या गेटबाहेर भेट, १२:४५ ला परत. वरच्या दारात सोडणार, खालच्या दारात घेणार. तिकिटं किमतीत आहेत का, टेरेस हाउसेस धरून? दुकानाचा थांबा नको. गाइडच्या परवान्याचा फोटो पाठवा. खराब हवेमुळं जहाज बंदराला लागलंच नाही तर पैसे परत मिळतील का?" शेवटच्या प्रश्नाला सरळ 'हो' न म्हणणाऱ्याला आगाऊ रक्कम देऊ नका, नोव्हेंबरात वाऱ्यामुळं कधी बंदराचा थांबाच रद्द होतो, आणि तेव्हा जहाजाची टूर घेतलेल्यांचे पैसे आपोआप परत होतात. परवान्याचा आग्रह यासाठी की तुर्कस्तानात परवान्याशिवाय गाइडगिरी करता येत नाही. 'ड्रायव्हरच सगळं सांगेल' म्हणणारा तुम्हाला दारात सोडून गाडीत बसून राहतो.