कानेतो शिंदो यांच्याकडून पटकथाकाराने काय शिकावं?

तुम्ही विचारलंय की पटकथाकार असलेले जपानचे कानेतो शिंदो (1912–2012) दिग्दर्शनाकडे कसे वळले, आणि हाताशी फार पैसा नसताना लिहिणाऱ्याने त्यांचा कोणता सिनेमा आधी पाहावा. सरळ 'हादाका नो शिमा' (1960) लावा. नावाचा अर्थ उघडं-बोडकं बेट.

आधी थोडी पार्श्वभूमी. शिंदो 1934 मध्ये स्टुडिओत लागले ते फिल्म धुण्याच्या खात्यात. पुढे कला विभागात गेले. तिथे दिग्दर्शक मिझोगुचींना पटकथा दाखवली, तेव्हा ही पटकथा नाही, नुसतं कथानक आहे, असं ऐकावं लागलं. मग त्यांनी नाटकांचे खंडच्या खंड वाचून काढले. युद्धानंतर शोचिकू या सिनेमा कंपनीत दिग्दर्शक योशिमुरांसाठी लिहिलं, पण कंपनीला त्यांचं लेखन फार गंभीर वाटू लागलं. 1950 मध्ये योशिमुरा आणि नट तोनोयामा यांच्यासोबत त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि पुढच्याच वर्षी पहिला सिनेमा दिग्दर्शित केला.

1959 चा त्यांचा सिनेमा 'दाइगो फुकुर्यू मारू' तिकीटबारीवर आपटला आणि संस्था कर्जात बुडाली. 'हादाका नो शिमा' या कोंडीतून आला. चमू साधारण तेरा जणांचा, चित्रीकरण सुमारे महिनाभर, खर्च जेमतेम 50-55 लाख येन. एक छोटं बेट, चौघांचं कुटुंब, आणि संवाद एकही नाही. माझ्या मते हा खर्च कागदावरच वाचवलेला आहे. माणसं, जागा, आवाज, सगळं लिहितानाच कमी केलंय.

आता मुख्य गोष्ट. बेटावर गोडं पाणी नाही. नवरा-बायको होडीने पाणी आणतात, कावडीला दोन बादल्या लावून चढण चढतात आणि पळीने एकेका रोपाला घालतात. हे पुन्हा पुन्हा दिसतं, इतकं की आपलेही खांदे दुखायला लागतात. मग एकदा बायकोचा पाय घसरतो, बादली सांडते. नवरा आपली कावड खाली ठेवतो, जवळ येतो आणि तिला थोबाडीत मारतो. ती बादली किती मोलाची, हे आधीच्या खेपांनी आपल्याला सांगितलेलं असतं, म्हणून तिथे शब्द लागत नाही. मुलगा वारल्यावर तीच बाई बादली मुद्दाम ओतून देते, रोपं उपटते. नवरा नुसता बघत उभा राहतो.

अनुकरण करणारे इथेच फसतात. ते संवाद गाळतात, पण खेपाही गाळतात. मग सांडलेलं पाणी नुसतं पाणी राहतं.

दुसऱ्यांदा बघताना वही घ्या. बादली सांडेपर्यंत खेपा किती होतात आणि प्रत्येक खेपेत नवीन काय दिसतं, ते लिहा. त्यानंतर 'ओनिबाबा' (1964) बघा. तिथे हेच काम माणसाच्या उंचीचं गवत आणि एक खोल खड्डा करतो.