रंगवलेल्या भिंतीवर मातीच्या ब्रिक टाइल थेट चिकटवता येतात का?

नाही, आधी रंग आणि पुट्टी खरवडून प्लास्टर उघडं करा. अ‍ॅडहेसिव्ह रंगाला धरतं, रंग पुट्टीला, आणि वजनाने पुट्टीच टाइलसकट सुटते. सिमेंट प्लास्टर असेल तर छिन्नीने खाचा मारा, धूळ झाडा, हलकं पाणी शिंपडा. नव्या फ्लॅटमध्ये आत बऱ्याचदा जिप्सम निघतं. तिथे पाणी नको, प्रायमर मारा, कारण सिमेंटचं अ‍ॅडहेसिव्ह जिप्समवर थेट टिकत नाही. दातेरी थापीने ३ मिमी थर द्या (२० किलोच्या पिशवीत साधारण ४०-४५ चौरस फूट). एका वेळी चार-पाच चौरस फूटच. पंख्याखाली थरावर साय लगेच येते आणि मग टाइल धरत नाही. तीन-चार खोक्यांतल्या टाइल मिसळून लावा, नाहीतर रंगाचे पट्टे दिसतात. सांधा १० मिमी. ग्राउट (सांधे भरायचा मसाला) दुसऱ्या दिवशी, टोकदार पिशवीने फक्त सांध्यात. फडक्याने फासलंत तर सच्छिद्र मातीवरचा डाग निघता निघत नाही. मात्र मुंबईच्या पावसात जी बाहेरची भिंत ओल धरते, तिची गळती आधी बंद करा, नाहीतर टाइलवर पांढरा लोणा (क्षारांचा थर) येईल.