सुताच्या दलालाचा आवाज आणि नातवाची एफडी

प्रश्न थोडक्यात: सोलापूरच्या साखर पेठेतल्या एका सुनेचं पत्र आहे. सासरे (त्या त्यांना मामा म्हणतात) 62 वर्षांचे, पस्तीस वर्षं सुताची दलाली केलेले. घशाच्या कॅन्सरमुळे चौदा महिन्यांपूर्वी मुंबईत स्वरयंत्र पूर्ण काढलं, रेडिएशनही झालं. आता डॉक्टरांनी बोलण्यासाठी व्हॉल्व्ह सुचवलाय. छिद्र पाडणं आणि पहिला व्हॉल्व्ह मिळून 70,000 रुपये, पुढे प्रत्येक वेळी बदलायला 30,000. कधी चार महिने टिकतो, कधी वर्ष. नवऱ्याचं म्हणणं, नातवाच्या शिक्षणासाठी ठेवलेली साडेतीन लाखांची एफडी मोडू. भाऊजींचं म्हणणं, गळ्याला लावायचं बॅटरीचं मशीन 60,000 ला येतं, एकदाच काय तो खर्च. घरात महिन्याला नवऱ्याचे हातात 17,200 आणि सुनेचे शाळेतले 14,000 येतात, खर्च 26,000. बचत खात्यात 80,000. एफडी संपायला दोन वर्षं आहेत, नातू आठवीत.

उत्तर:

ताई, तुमच्या पत्रापेक्षा सोबत पाठवलेल्या चिठ्ठीच्या फोटोवर मी जास्त वेळ थांबलो. जुन्या बिलबुकाच्या पाठकोऱ्या कागदावर मामांनी आधी लिहिलंय, "नको. पोराला ठेवा." आणि त्याखाली, बारीक अक्षरात: "एक किती दिस टिकतंय?" तुम्ही तिघं आठ दिवस पैसे कुठून आणायचे यावर भांडताय. दलाल माणसाने एका ओळीत खरा सौदा विचारला. 70,000 हा या व्यवहाराचा भाव नाहीच. भाव आहे महिन्याचा.

तो काढू. व्हॉल्व्ह वर्षभर टिकला तर महिन्याला 2,500 रुपये. चार महिन्यांत गेला तर 7,500. तुमच्या घरात खर्च जाऊन उरतात 5,200. म्हणजे सहा महिने टिकला तर महिन्याचे 5,000 बाजूला काढून पगारातच बसतो, त्याच्या आत गेला तर बसत नाही. आणि एफडी मोडून त्यावर चालवायचं म्हटलं, तर वाईट चालीने पहिल्या वर्षी 1,30,000 जातात, मग वर्षाला 90,000. साडेतीन वर्षांत एफडी साफ. नातू तेव्हा बारावीच्या उंबरठ्यावर, आणि मामांना पुढचा व्हॉल्व्ह हवाच असणार. दर वर्षी येणाऱ्या खर्चाला साठवलेली रक्कम लावली की असंच होतं. भाडं भरायला दागिने विकण्यासारखं आहे ते.

आता वस्तू काय आहे ते नीट समजून घ्या, कारण पैसे तिथेच वाचतात किंवा बुडतात. श्वासनलिका आणि अन्ननलिका यांच्या मधल्या भिंतीत बारीक छिद्र पाडून त्यात सिलिकॉनचा एकदिशा व्हॉल्व्ह बसवतात. बोलताना श्वासासाठी गळ्यावर केलेलं भोक अंगठ्याने बंद करायचं, फुफ्फुसातली हवा व्हॉल्व्हमधून अन्ननलिकेत जाते आणि तिथला वरचा भाग थरथरून आवाज होतो. आवाज व्हॉल्व्हचा नसतो, माणसाचाच असतो, फक्त जरा घोगरा. अमेरिकेत ब्लॉम आणि सिंगर यांनी 1980 च्या सुमारास ही पद्धत रूढ केली. व्हॉल्व्हचं दुसरं काम म्हणजे पाणी, चहा श्वासनलिकेत येऊ न देणं. त्यावर बुरशी बसते, पडदा नीट मिटेनासा होतो, आणि एक दिवस चहाचा घोट घेतला की ठसका लागतो. तो ठसका म्हणजे 30,000 चं बिल. रोज ब्रशने साफ करणं, डॉक्टरांनी दिलेलं बुरशीचं औषध वेळेवर घेणं, छातीत जळजळ होत असेल तर तिचा इलाज करणं, या गोष्टी घरात कंटाळवाण्या वाटतात. पण व्हॉल्व्ह चाराऐवजी आठ महिने गेला, तर वर्षाला 45,000 वाचतात. तुमच्या कुठल्याही एफडीचं व्याज तेवढं नाही.

म्हणून डॉक्टरांकडे गेलात की भावाची घासाघीस नंतर करा, आधी हे विचारा. छिद्र पाडण्याआधी नाकातून नळी घालून अन्ननलिकेत हवा सोडून आवाज निघतो का, ते पाहता येतं. ती चाचणी मामांची करणार का? रेडिएशननंतर सगळ्यांचाच आवाज सारखा निघत नाही, आणि 70,000 घालण्याआधी हे कळलेलं बरं. दुसरं, बसवणार ती जात रुग्णाला स्वतः घरी बदलता येणारी आहे की डॉक्टरांनीच बदलायची? आणि डॉक्टरांनीच बदलायची असेल तर सोलापुरात कोण बदलतं? दर वेळी पुणे-मुंबई म्हणजे दोघांचं जाणंयेणं, तुमच्या नवऱ्याचे दोन खाडे. हा खर्च तुमच्या पत्रात कुठेच नाही. व्हॉल्व्ह मध्येच निसटला तर छिद्र काही तासांतच आकसायला लागतं, म्हणून छिद्र उघडं ठेवायची रबरी नळी घरात हवी आणि ती घालायला तुमच्यापैकी एकाने शिकून घ्यावं. रात्री गाडी करून पळावं लागेल, यासाठी 80,000 मधल्या निम्म्या पैशांना हातच लावू नका.

बंगळुरूचे डॉ. विशाल राव यांनी अगदी स्वस्तात बनणारा भारतीय व्हॉल्व्ह तयार केला, त्याची 50 रुपयांचं उपकरण म्हणून खूप चर्चा झाली होती. सोलापूरहून बंगळुरूला थेट गाडी आहे. मामांच्या छिद्राच्या मापाला आणि भिंतीच्या जाडीला तो चालेल का, हे तुमच्या डॉक्टरांना स्पष्ट विचारा. नाही म्हणाले तर का नाही, तेही विचारा. त्यात लाजण्यासारखं काही नाही.

आता पत्रातली मला सगळ्यात खटकलेली गोष्ट. तुम्ही नवऱ्याची पगाराची स्लिप जोडली आहे. एकूण पगार 19,500, आणि कपातीत पीएफच्या खाली एक ओळ: ईएसआयसी (कामगार राज्य विमा) 147 रुपये. हे 147 तुम्ही दर महिन्याला भरताय आणि पत्रात त्याचा उल्लेखही नाही! एकूण पगार 21,000 च्या आत असणाऱ्या कामगाराला हा विमा लागू होतो आणि त्याच्यावर अवलंबून असलेले आईवडीलही त्यात येऊ शकतात. मामांचं नाव कार्डावर चढवलंय का, ते उद्याच कारखान्याच्या ऑफिसात पाहा. नसेल तर चढवा, मग कामगार विमा रुग्णालयात जाऊन व्हॉल्व्हबद्दल लेखी विचारा. क्रम मात्र उलटू नका: आधी त्यांची शिफारस, मग खर्च. स्वतः पैसे भरून नंतर बिल घेऊन गेलात तर हेलपाटेच पदरी पडतील. अवलंबून असण्याला उत्पन्नाची मर्यादा आहे, त्यामुळे मामांची दलाली पुन्हा नीट सुरू झाली की हा दरवाजा बंद होऊ शकतो, हेही ध्यानात ठेवा.

मुंबईचं ऑपरेशन महात्मा फुले योजनेत झालं, असं तुम्ही लिहिलंय. मग तिथल्याच आरोग्यमित्राला (योजनेचा रुग्णालयातला मदतनीस) छिद्र पाडणं आणि व्हॉल्व्ह पॅकेजात बसतो का, हे विचारायला एक फोन पुरेल. शिवाय स्वरयंत्र काढल्यामुळे गेलेलं बोलणं 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात वाचा दोष म्हणून नोंदलेलं आहे. सिव्हिलमधून प्रमाणपत्राचा अर्ज करून टाका. उपचाराला जाताना रेल्वेत कॅन्सर रुग्णाला सवलत मिळते, सोबतच्यालाही. सिद्धेश्वर एक्सप्रेसचं तिकीट पूर्ण भाड्याने काढत असाल तर थांबा.

भाऊजींच्या मशीनचं. ते चूक नाहीत, पण "एकदाच" हा शब्द त्यांना फार आवडलेला दिसतोय. ते गळ्याला टेकवलं की एकसुरी यांत्रिक आवाज येतो, एक हात अडकतो, आणि रेडिएशनने कडक झालेल्या गळ्यावर कधीकधी नीट उमटत नाही. आवाज सतत चालू असल्याने "क" आणि "ग", "प" आणि "ब" यांत घोळ होतो. घरात पाणी मागायला चालेल. फोनवर सुताचा नंबर आणि भाव सांगताना गोंधळ झाला तर पार्टी दुसऱ्यांदा फोन करत नाही. विकत घेण्याआधी दोन दिवस वापरून पाहायला मिळतं का बघा. पुढे व्हॉल्व्ह गळतीला लागला आणि बदलायला आठ दिवस लागले, तर जोडीला ते उपयोगीच आहे. भाऊजी 60,000 द्यायला खरंच तयार असतील, तर त्यातले 30,000 व्हॉल्व्हच्या खात्यात मागून घ्या. मनापासून सांगतो, विचारून तर बघा.

विमा आणि योजना दोन्हीकडून नकार आला, असं धरून सांगतो. एफडी मोडू नका, तिच्यावर 70,000 चा ओव्हरड्राफ्ट (एफडी तारण ठेवून लागेल तसं उचलायचं कर्ज) घ्या. व्याज एफडीच्या दरापेक्षा थोडंच जास्त पडतं, तेही वापरलेल्या रकमेवर, आणि मुदतीआधी मोडल्याचा दंड वाचतो. वेगळं बचत खातं काढा आणि या महिन्यापासूनच 5,000 टाकायला लागा. चाचणी, कागदपत्रं यांत दोन महिने जातीलच, तेवढ्यात 10,000 जमलेले असतील. त्या खात्यातून फक्त व्हॉल्व्ह, ब्रश, गळ्यावरचे फिल्टर आणि प्रवास. ओव्हरड्राफ्ट मामांच्या दलालीतून फेडायचा. आजारापूर्वी महिन्याला 12-15 हजार मिळवत होते आणि दोन पार्ट्या अजून विचारतात, असं तुम्ही लिहिलंय. निम्मी जरी परत आली तरी फिटेल. अजिबात नाही आली तर दोन वर्षांनी एफडीतून 70,000 आणि व्याज वजा होईल. नातवाचं जास्तीत जास्त नुकसान तेवढं. पहिले दोन व्हॉल्व्ह तीन महिन्यांच्या आत गेले, तर मात्र तिसरा टाकण्याआधी थांबायचं आणि कारण शोधायचं: बुरशी, ॲसिडिटी, की मापच चुकलंय.

एक राहिलं. मामा सौद्याला मागाच्या शेडमध्ये जातातच, असं लिहिलंय. त्यांचा श्वास आता नाकातून जात नाही, त्यामुळे मागाजवळची कापसाची तूस थेट आत जाते. आपल्याकडचा एप्रिल-मेचा कोरडा उन्हाळा वेगळाच. फिल्टर परवडत नसेल त्या दिवशी गळ्यावर ओलसर मऊ सुती कापड तरी असूच द्या. सोलापुरात त्याची वाण नाही.

आणि हा कागद आधी मामांना वाचायला द्या. त्यांच्या प्रश्नाचं उत्तर त्यांच्या व्हॉल्व्हपुरतं कुणालाच आत्ता देता येणार नाही, म्हणून त्याच बिलबुकात दोन रकाने पाडून त्यांच्याकडेच द्या: बसवल्याची तारीख आणि पहिल्या ठसक्याची तारीख.